हिरो दुसरा, दरवाजा मी

भाड्याची खोली पाहायला येणारा माणूस आधी नळ सोडून पाहतो. पाणी किती वेळ येतं, मीटर वेगळं आहे का, गाडी कुठं लावायची, हे विचारतो. वैशाली नगरच्या आमच्या घराचा वरचा मजला भाड्यानं द्यायला लागल्यापासून मी हेच पाहत आले. हा माणूस मात्र जिना चढून वर गेला, खोलीच्या मधोमध उभा राहिला, अन् मग डॉक्टर छाती ठोकून पाहतो तसा भिंतींवर बोटानं टकटक करत चारही बाजूंनी फिरला. फिरून झाल्यावर मला म्हणाला, "वहिनी, इथं आधी जो राहत होता तो डावखुरा होता. अन् रागीट."

मी चाटच पडले. आधीचा भाडेकरू कोचिंग क्लासमधे गणित शिकवायचा. लिहायचा डाव्या हातानं, अन् राग असा की खालच्या मजल्यावर आमची भांडी वाजायची.

"तुम्ही ओळखता का त्याला?"

"नाई वो. हे पाहा, दरवाज्याच्या मागं भिंतीले खड्डा पडला. रोज आपटल्याशिवाय असा पडत नाई. अन् टेबल इथं होतं. हा तेलकट डाग डाव्या कोपराचा हाय."

मग म्हणाला, खोली पसंत आहे, फक्त ऊन सकाळी कुठून येतं ते सांगा. पाण्याचं विचारलंच नाही. मी मनात म्हटलं, हा माणूस एक तर पोलिसातला असेल, नाही तर डोक्यानं थोडा हललेला असेल.

तसा तो परका नव्हता. आमच्या ह्यांचा लहानपणचा सोबती. दोघांचे वडील भंडाऱ्याकडून शेती सोडून भिलाईच्या पोलाद कारखान्यात, म्हणजे प्लांटमधे, लागलेले, सेक्टरमधे एकाच लाइनीत दोघांचे क्वार्टर. म्हणून मी त्याची वहिनी अन् तो माझा भाऊजी. आता त्यांना अहो-जाहोच करते, नाही तर हे रागावतील. कॉलनीतली पोरं त्यांना पिक्चरवाले काका म्हणायची. सगळी उमर जर्मनीत काढली होती, पण मराठी अशी की कालच भंडाऱ्याच्या गाडीतून उतरले. "मले", "तुमाले", "कावून" सगळं जागच्या जागी. अन् आमची नातवंडं इथं राहून "आजी, पानी दो ना" करतात. मी त्यांना म्हणायची, पाहा, हे काका साता समुद्रापलीकडून शाबूत आणतात, अन् तुम्ही भिलाईत राहून सांडवून टाकता.

पहिल्याच दिवशी चहा पिता पिता त्यांनी मला सांगून टाकलं की ते इथं कशाला आले.

"वहिनी, मले आता इथंच राहायचं हाय. मरायचं बी इथंच. पण बायको म्हणते, मी दिवाळीनंतर येतो, पाहतो. माह्यं मन लागलं तर राहीन. नाई लागलं तर तू सामान बांधायचं अन् माह्यासोबत वापस चालायचं. बोलणं पक्कं झालं."

"अन् तुम्ही हो म्हटलं?"

"म्हटलं ना. तिले एकटीले तिकडं कसं सोडू? अन् मले इथून जाववत नाई."

म्हणजे सगळा खेळ त्या एका भेटीवर. आमचे हे म्हणाले, "फिकर कायची? खोली झकास सजव. तुह्या हातचं कामच हाय ते." पुढं काय झालं ते पाहता, हे बोलणं ह्यांनी केलं नसतं तर बरं झालं असतं.

भाऊजींच्या हातचं काम काय होतं ते मला समजायला मात्र वेळ लागला. पिक्चरमधे काम करायचे म्हटल्यावर मी विचारलं, हिरो होते का? व्हिलन? गाणी लिहायचे? ते हसून लोटपोट.

"वहिनी, पिक्चरमधे माणूस दरवाजा उघडून आत येते, पाहिलं ना?"

"हो."

"तो माणूस हिरो. तो दुसरा. दरवाजा मी."

दरवाजा, भिंत, खिडकी, खिडकीबाहेरचं झाड, टेबलावरचा अर्धा खाल्लेला पाव, खुंटीवरची ओली छत्री. माणसांशिवाय जे जे दिसतं ते सगळं भाऊजींच्या डोक्यातून निघालेलं. याला प्रॉडक्शन डिझायनर म्हणतात. मी म्हटलं, म्हणजे मंडपवाले. ते म्हणाले, बरोबर. पण मंडपवाल्याले माहीत असते की लगन हाय. आमाले तर कधी कधी हेही कोणी सांगे नाही.

सुरुवात त्यांची आमच्या प्लांटमधेच झाली. तिथं लोखंड ओतायच्या आधी लाकडाचा नमुना करतात, त्या शॉपमधे ते सुतारकामाला होते. तिथून ट्रेनिंगला जर्मनीत एका ओतकामाच्या कारखान्यात गेले, अन् तो कारखानाच बंद पडला. परत येण्याऐवजी सिनेमाच्या स्टुडिओत सुतार म्हणून लागले. पहिलं काम, एक जिना बनवायचा. कुठंच न जाणारा जिना. वर छत नाही, मजला नाही, नटी दहा पायऱ्या चढणार अन् वर फळीवर उभी राहून चहा पिणार. भाऊजींनी जिना केला, अन् कोणी न सांगता प्रत्येक पायरीची मधली कड कानसीनं झिजवली. लोक मधूनच चढतात ना, म्हणून. तिथल्या म्हाताऱ्या डिझायनरनं ते पाहिलं, पायरीवरून अंगठा फिरवला, अन् दुसऱ्या दिवसापासून भाऊजींना आपल्या हाताखाली घेतलं. आधी सामान शोधणारा, मग सहायक, मग एक दिवस स्वतःच साहेब.

टीव्हीवर त्यांनी वर्षानुवर्षं खुनाच्या मालिका केल्या. जर्मन लोकांना म्हणे रविवारी जेवून झाल्यावर खून पाहायला फार आवडतो. "माह्या खोल्यांमधे जितके लोक मेले, तितके तर आपल्या दवाखान्यात बी मेले नसतील," हे ते इतक्या अभिमानानं सांगत की शेजारच्या बाईनं एकदा आपल्या सुनेला आत बोलावून घेतलं. मेलेला माणूस बोलत नाही, म्हणून खोलीनं बोलायचं, असा त्यांचा हिशेब. हा एकटा राहत होता की कोणी येत होतं? झोप लागायची का? आईशी पटत होतं का? हे सगळं आधी ठरवायचं, मग चमचे आणायचे.

एकदा खाणीत काम करणाऱ्या माणसाच्या घराचं स्वयंपाकघर केलं होतं. एक म्हातारा नट पहिल्या दिवशी आला, कॅमेरा लागायचा होता, सहज खुर्चीवर बसला अन् रडायला लागला. त्याच्या आईचं स्वयंपाकघर तसंच होतं म्हणे. मी विचारलं, मग ते पिक्चरमधे किती दिसलं? भाऊजी म्हणाले, "दिसलं ना. तो उठून बाहेर जाते, तेव्हा त्याच्या खांद्याच्या मागून जरासं."

"अन् तुमचं नाव?"

"शेवटी येते. तेव्हा लोक उठून कोट घालत असतात."

हे सगळं ते मजेनंच सांगायचे. फक्त एकदा, आम्ही गच्चीवर पापड वाळत घालत होतो, दूर मालगाडी चालली होती, तेव्हा म्हणाले, "माह्या बापानं प्लांटमधे लाटलेले रूळ आजही कुठंतरी पडले असतील वहिनी. त्यायच्यावरून गाडी जाऊन राहिली असेल. मी बापापेक्षा जास्त कमावलं, पण जाऊन हात टेकवावा अशी एक भिंत नाही माही. शूटिंग संपलं की दुपारपर्यंत सगळं तोडतात." लगेच पापडाकडे पाहून म्हणाले, "हा पापड गोल कावून नाई?" अन् विषय संपला.

सेट तोडायची वेळ आली की ते कधीच तिथं थांबत नसत. इथंही तीच तऱ्हा. त्याच वर्षी आमच्या मराठी मंडळानं गणपतीची सजावट त्यांच्याकडे दिली. अध्यक्षांना पाहिजे होतं बर्फाचं मंदिर, थर्माकोलचं, निळे लाइट सोडून. भाऊजींनी केला सेक्टरमधला जुना क्वार्टर. वऱ्हांडा, सुतळीची खाट, कोळशाची शेगडी, तारेवर टांगलेली प्लांटची खाकी पँट, कोपऱ्यात सायकल, अन् मधे गणपती असा बसला होता जसा ड्यूटीवरून आत्ताच आला. म्हातारे लोक दर्शनाला आले ते त्या खाटेवर बसले अन् उठायलाच तयार नाही. मागची लाइन ओरडायला लागली. एक आजोबा शेगडीपाशी वाकून म्हणाले, "चाय चढवा ना." अध्यक्ष कपाळावर हात मारून म्हणत होते, "भाऊ, स्पर्धेतला नंबर आपला गेला!" नंबर गेलाच. विसर्जनाच्या दिवशी मंडप उतरवायची वेळ आली तर भाऊजी गायब. सकाळीच बस पकडून रायपूरला गेले होते, कशाला तर म्हणे चप्पल आणायला.

त्यांच्यासोबत टीव्ही पाहणं म्हणजे शिक्षाच. मी आपली मालिकेतल्या सुनेच्या डोळ्यातलं पाणी पाहते आहे, अन् भाऊजी भिंतीकडे बोट दाखवून ओरडून राहिले, "अवो वहिनी, या घरात कोणी जेवतच नाई! मिठाची बरणी दाखवा मले कुठं हाय! इतक्या पायऱ्यांचा जिना, अन् पुसते कोण?" कोणी मेलं, कोणी पळून गेलं, त्याचं काही नाही. एकदा सासू विष कालवत होती, अन् भाऊजी म्हणे, "कप पाहा, कप! किमतीचा कागद चिटकूनच हाय खाली."

आता खोलीचं सांगते. त्यांची बायको, म्हणजे आमची जर्मन वहिनी, येणार म्हणून पावसाळा संपताच त्यांनी वरचं काम काढलं, अन् तेव्हा मला कळलं की भाऊजींचा नव्या वस्तूवर दात आहे. नवीन काही आलं की आधी त्याची नवलाई उतरवायची. नवे पडदे चहाच्या पाण्यात बुडवले. नवी खुर्ची विटेनं घासली. भंगारवाल्याला हाका मारून त्याच्या हातगाडीवरचं पितळ, कड्या, बिजागऱ्या निवडून घेत. भंगारवाला मला म्हणाला, "अम्मा, लोग मुझे देते हैं, ये पहले आदमी हैं जो मुझसे ले जाते हैं." गच्चीवरची प्लांटची धूळ, जिच्या नावानं मी रोज खडे फोडते, ती ते ब्रशनं गोळा करून काचेच्या बरणीत भरून ठेवत. म्हणत, "असा लाल रंग पूर्ण जर्मनीत भेटत नाई, वहिनी. तुमी झाडून टाकता!"

पेंटर आला तेव्हा तर तमाशाच झाला. भाऊजी त्याला समजावत होते, पलंगाच्या वर भिंतीवर एक डाग पाहिजे. कोणी वर्षानुवर्षं डोकं टेकून वाचत बसलं असेल, तसा.

पेंटर म्हणाला, "अंकल, मैं दाग मिटाने वाला आदमी हूँ. लगाने का काम आज तक किसी ने बोला नहीं."

"तो आज सीख लो."

"घर में किसी को मत बताना फिर. धंधा बैठ जाएगा मेरा."

शेवटी भाऊजींनी डोक्याला खोबरेल तेल चोपडलं अन् स्वतःच दुपारभर भिंतीला टेकून बसले. पेंटर जेवणाच्या सुट्टीत आपल्या साथीदाराला दाखवायला घेऊन आला होता. दोघं दारात उभे राहून पाहत होते, देवळात पाहतात तसे.

ती खोली झाली तेव्हा मीच पहिल्यांदा आत गेले. काय सांगू! मी काही शिकलेली बाई नाही, पण पाय उंबऱ्यावरच थबकला. भिंतींना पहाटेच्या आभाळाचा रंग. एका भिंतीवर ढग, खरेखुरे, हलतील की काय असे. खिडकीपाशी चित्र काढायची लाकडी घोडी, तिच्यावर कोरा कागद, पितळी लोट्यात ब्रश. एक बुटकी खुर्ची, तिच्या पाठीवर अर्धी विणलेली शाल टाकलेली. फरशीवर खडूनं फुली मारली होती.

"ही काय?"

"तिनं इथं उभं राहायचं. इथून सगळं बरोबर दिसते. ढगही, ऊनही."

मग त्यांनी सांगितलं. जर्मन वहिनी त्याच स्टुडिओत आभाळ रंगवायला होती. खिडकीच्या मागं जे आभाळ दिसतं ना, मोठ्या कापडावर रंगवलेलं, ते ती करायची. लांब काठीला ब्रश बांधून, चपला काढून, कापडावर चालत चालत. भाऊजींनी तिला पहिल्यांदा पाहिलं ते ढगांत उभी असलेलीच. पुढं खांदा दुखायला लागला, मुलं झाली, काम सुटलं, अन् ती गावच्या तलावावर लहान पोरांना पोहायला शिकवायची नोकरी करू लागली. "नाइलाजानं बिचारी," भाऊजी म्हणाले. "माह्यी तर सगळी जिंदगी बाहेरगावी. तिचे ढग राहूनच गेले. आता इथं करू दे."

मला सांगा, कोणत्या बाईचं मन इथं लागणार नाही? मी देवाला नारळ बोलून ठेवला.

अन् ती आली. मी समजत होते की नाजूक, पांढऱ्या केसांची, हळू बोलणारी कोणी असेल. टॅक्सीतून उतरली ती ही उंच, ही रुंद, केस पोरासारखे कापलेले. उतरल्या उतरल्या दोन बोटं तोंडात घालून शिट्टी मारली, कारण टॅक्सीवाला एक बॅग घेऊनच चालला होता. पूर्ण गल्ली बाहेर आली. मला पाहून हात जोडले अन् मोठ्यानं म्हणाली, "वहिनी! लय गरम! बापा!" भाऊजींकडून तिला असे दहा-वीस शब्द आले होते, तेवढ्यावर तिचं छान चालायचं. वहिनी हे तिला माझं नावच वाटायचं. ह्यांची ओळख करून दिली तर ह्यांनाही एकदा वहिनी म्हणाली.

आम्ही सगळे जिना चढून वर गेलो. जिना चढताना ती गुडघ्याला हात लावत होती. भाऊजींनी दार उघडलं, बाजूला झाले, अन् तिच्या तोंडाकडे पाहत राहिले. ती फुलीवर उभी राहिलीच नाही. सरळ चालत न्हाणीघरात गेली, प्रवासातून आलेली बाई, अन् नळ सोडला. नळ होता जुना पितळी, भंगारातून निवडून आणलेला, सुरेख. पण भाऊजींनी आधीचा चालता नळ बंद करून तो दिसण्यापुरताच बसवला होता. मागं पाइपच नाही! सगळं झालं, पाणी विसरले.

मी खालून बादली आणून दिली. हात-तोंड धुऊन ती बाहेर आली, मग सावकाश खोली पाहिली. ढग पाहिले. घोडी पाहिली. ब्रश हातात घेतला, अंगठ्यानं केस दाबले, परत ठेवला. बुटक्या खुर्चीवर बसली तर गुडघ्यामुळं उठता येईना, भाऊजींनी हात दिला. मग ती बोलू लागली. रागानं नाही, पण थांबेचना. मी भाऊजींकडे पाहिलं.

"काय म्हणते?"

"म्हणते, खोली छान हाय."

"इतकं बोलली, अन् इतकंच?"

"त्याइकडची भाषाच लंबी हाय वहिनी."

संध्याकाळी मात्र ते आमच्या जिन्यावर येऊन बसले. तोंड उतरलेलं. म्हणाले, "खरं सांगू का? ती म्हणे, इथं जी बाई राहते ती चांगली दिसते. मले तिले भेटायला आवडेल. पण ती मी नाही."

आमच्या ह्यांनी पेपर खाली ठेवला.

"म्हणे, ब्रश हातात धरल्यालेही जमाना झाला, अन् मले त्याची याद बी येत नाई. पोरायले पाण्यात उतरवणं, हेच माह्यं काम होतं. भेलेलं पोट्टं पहिल्यांदा हात सोडते ना, म्हणे, त्याच्यापुढं तुमचे ढग काय." मग म्हणाले, "अनोळखी मेलेल्या माणसाले झोप लागे का नाई, हे मी सांगत होतो. अन् घरच्या बाईबद्दल समजत होतो की बिचारी नाइलाजानं करून राहिली."

"विचारलं कावून नाही कधी?" आमचे हे म्हणाले.

"आमी कधी विचारतच नाई ना भाऊ. खोलीत राहणारा माणूस थोडीच समोर असते. आमी ठरवतो."

मला वाटलं, आता सामान बांधतात. नारळ फुकट गेला.

पण जर्मन वहिनी काय गप्प बसणारी होती? दुसऱ्या दिवशी सकाळीच खाली माझ्या स्वयंपाकघरात हजर. मी तुरीच्या शेंगा सोलत होते, तीही खुर्ची ओढून सोलायला बसली, अर्ध्या तिनं खाल्ल्या. माझ्यासोबत बाजारात आली, वांगी उलटीपालटी करून पाहिली, भाजीवालीनं जुनी मेथी दिली तर "चाल हट!" म्हणाली. सगळा बाजार हसला. दुपारी आमच्या बायकांचा पत्त्यांचा डाव असतो, चिंचोक्यांवर. तिथं बसली अन् चार डावांत सगळ्यांचे चिंचोके तिच्या पुढ्यात. शेजारची म्हणाली, "ये तो चीटिंग करती है!" अन् खरंच करत होती, पण इतकी मोकळी हसायची की कोणाला राग येईना. वर फक्त झोपायला जायची. भाऊजी वर एकटे आपल्या ढगांमधे बसून असत. खालून तिचा हसण्याचा आवाज यायचा तेव्हा कठड्यावरून वाकून पाहायचे, जसं कोणाच्या घरी लग्न आहे अन् आपल्याला बोलावणं नाही.

जायच्या आदल्या दिवशी तिनं आम्हां दोघांना वर बोलावलं. भाऊजींना सांगितलं, एक एक वाक्य बरोबर सांगायचं, कापायचं नाही. ती बोलायची, ते सांगायचे.

"म्हणते, मी येईन. हे घर, वहिनी, बाजार, पत्ते, मले पसंत हाय."

माझ्या डोळ्यात पाणीच आलं. पण ती थांबली नव्हती.

"म्हणते, खोली खाली करायची. सगळं काढायचं. मी येईपर्यंत आत काही ठेवायचं नाही. जे लागेल ते मी आल्यावर ठरवीन. मी म्हटलं, पलंगही नाई? म्हणते, पलंग राहू दे, तुह्या पाठीसाठी." मग त्यांचा आवाज बारीक झाला. "अन् म्हणते, काढायचं तू स्वतः. रायपूरले पळून जायचं नाई."

मंडपाची गोष्ट मीच तिला हातवारे करून सांगितली होती.

ती गेली अन् भाऊजी कामाला लागले. आमचे हे मदतीला जातो म्हणाले तर नको म्हटलं. पडदे काढले, घोडी भंगारवाल्याला दिली, त्यानं ती टॉवेल वाळवायला नेली. ढगांवर स्वतः पांढरा चुना मारला. एक हात मारला की ढग दिसायचे, दुसरा मारला तरी थोडे दिसायचे. नळाला पाइप जोडून घेतला. अन् मग तो माणूस, ज्याला रिकामा कोपरा दिसला की हात शिवशिवायचे, तो त्या मोकळ्या खोलीत एका पलंगावर राहू लागला. आवाज घुमायचा आत. रोज दुपारी जर्मनीला फोन. जिन्याच्या दारातून मला ऐकू यायचं, एक वाक्य बोलायचे अन् मग कितीतरी वेळ नुसतं ऐकायचे. एक दिवस मी विचारलंच, इतकं काय बोलता रोज?

"विचारतो. आज विचारलं, तुले उशी एक लागते का दोन. इतकी वर्षं मले वाटे एक. म्हणते दोन. दुसरी म्हणे माहीच, मले झोप लागली की काढून घ्यायची, कावून की घरात दोनच होत्या."

"अन् काल काय विचारलं?"

"तिचा आवडता महिना." अन् लाजले, सत्तरीतला माणूस!

होळीच्या आधी ती आली, दोन बॅगा घेऊन, अन् राहिली. गुडघ्यांमुळं पुढं ते नेहरू नगरात तळमजल्याच्या घरात गेले, पण रोजचं येणं-जाणं काही सुटलं नाही. भाऊजी वारले ते तिथंच, भिलाईतच, त्यांच्या मनासारखे. जर्मन वहिनीची मुलं न्यायला आली होती, तिनं त्यांना पत्ते खेळायला बसवलं अन् हरवून वापस पाठवलं. ती आहे इथंच. परवाच माझे सगळे चिंचोके घेऊन गेली.

पण भाऊजींची याद येते तेव्हा मला ती परत आली त्याची दुसरी सकाळ दिसते. मी चहा घेऊन वर गेले होते. चारही भिंती कोऱ्या. जर्मन वहिनी हातात हातोडी घेऊन भिंतीपाशी उभी, भाजीची पिशवी टांगायला खिळा ठोकत होती. पहिला घाव अंगठ्यावर, दुसरा भिंतीवर, पापुद्रा उडाला. खिळा गेला तो तिरपा, मान वाकडी करून, अन् उंचीही अशी की पिशवी दाराला अडणार. भाऊजींचे हात उठले, मी पाहिलं. मग त्यांनी ते पाठीमागं नेले अन् एकात एक घट्ट धरले. तिनं पिशवी टांगली, दोन पावलं मागं सरकली अन् भाऊजींकडे वळून काही विचारलं. मला अर्थ सांगायची गरज नव्हती.

भाऊजींनी खिळ्याकडे पाहिलं, पिशवीकडे पाहिलं, मग तिच्याकडे बराच वेळ पाहिलं.

"बरोबर लागला," ते म्हणाले. मराठीतच.